भारतीय लायसन्सवर परदेशात गाडी चालवणे – आयडीपी (इंटरनॅशनल ड्रायव्हिंग परमिट), मुदत आणि बाकीच्या भानगडी

रानजाई
नमस्कार मंडळी,
नवऱ्याला म्युनिकला नोकरी लागली आहे. तो मार्चमध्ये जाईल, मी आणि लेक शाळा संपली की जूनमध्ये. दोघांकडे इथलं लायसन्स आहे, मी तर कोथरूड ते हिंजवडी रोज स्वतः गाडी चालवत जाते त्यामुळे हात साफ आहे असं मी तरी समजते (नवऱ्याचं मत विचारू नका). ऑगस्टमध्ये आईबाबा येतील तेव्हा त्यांना गाडीने ऑस्ट्रिया आणि उत्तर इटली फिरवायचा विचार आहे.
तर ऑफिसातला एक जण छातीठोकपणे सांगतोय की आरटीओतून आयडीपी काढलं की ते वर्षभर चालतं, म्हणजे जर्मनीत वर्षभर बिनघोर. एक मैत्रीण म्हणते सहाच महिने, पुढे परत परीक्षा. कोण खरं? आणि बाबांना (वय ६८) तिथे चालवता येईल का? त्यांना एकदा ऑटोबानवर गाडी चालवायचीच आहे. आईची त्याला सक्त मनाई आहे पण तो घरगुती प्रश्न, कायद्याचं सांगा.

टोलनाका
मैत्रीण बरोबर आहे. आयडीपीवर जी एका वर्षाची मुदत छापलेली असते ती त्या पुस्तिकेची मुदत. जर्मनी तुम्हाला किती दिवस चालवू देणार ते जर्मनी ठरवणार, आणि तिथे राहायला आलेल्या माणसाला ते सहा महिने देतात. एकूण मुक्कामच वर्षभराच्या आतला आहे असं कागदोपत्री पटवता आलं तर अर्ज करून आणखी सहा महिन्यांपर्यंत वाढवून मिळतं, पण तुमची नोकरी कायमची दिसतेय त्यामुळे ते विसरा.
आयडीपी तरीही काढाच. आपलं लायसन्स जर्मनमध्ये नाही, सोबत अधिकृत भाषांतर किंवा आयडीपी लागतं. भाषांतर तिकडे एडीएसी (वाहनचालकांचा क्लब) करून देते पण त्याला युरो मोजावे लागतात, इथे हजार रुपये फीमध्ये काम होतं.

रानजाई
धन्यवाद टोलनाका. मग हे सहा महिने नवऱ्याचे मार्चपासून आणि माझे जूनपासून धरायचे का? की कुटुंबाचे एकत्र?

टोलनाका
ज्याचे त्याचे. तो राहायला आला त्या दिवसापासून त्याचे, तुम्ही याल त्या दिवसापासून तुमचे. त्याचे सप्टेंबरात संपतील, तुमचे डिसेंबरात. मधले तीन महिने सारथ्य तुमच्याकडे.

मिसळ_विदाउट_पाव
म्हणजे तीन महिने नवरा डाव्या... सॉरी, उजव्या सीटवर बसून हवेत ब्रेक दाबणार. संसार टिकवायचा असेल तर त्याला म्हणावं टेस्ट लवकर दे.

वाचनमात्र_होतो
वाचतोय. उपयुक्त धागा.

हापूस_एक्स्प्रेस
उगाच बाऊ करताय सगळे. माझा चुलतभाऊ फ्रँकफर्टजवळ आहे, दोन वर्षं झाली, भारतीय लायसन्सवरच चालवतो. कुणी अडवलं नाही, कुणी विचारलं नाही. गाडी नीट चालवली की पोलीस कशाला थांबवतील? आपल्यासारखे चौकाचौकात मामा उभे नसतात तिकडे. एवढे पैसे घालून परत परीक्षा द्यायची म्हणजे त्या ड्रायव्हिंग स्कूलवाल्यांचं पोट भरणं आहे.

रिव्हर्सगिअर
@हापूस_एक्स्प्रेस, चुलतभावाला आजच फोन करा आणि हा धागा वाचायला द्या. मी श्टुटगार्टला आहे.
सहा महिने उलटल्यावर भारतीय लायसन्सवर गाडी चालवणं म्हणजे तिथल्या कायद्याने विनापरवाना चालवणं. पावती फाडून सुटण्यातलं प्रकरण नाही ते, फौजदारी गुन्हा आहे, एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड. आणि हे सगळं व्हिसावर राहणाऱ्या माणसाच्या नावावर लागतं, पुढे कायमच्या वास्तव्याचा अर्ज करताना ते कागद निघतात. दुसरं म्हणजे तुम्ही नीट चालवत असाल हो, मागून येणारा नीट चालवेलच कशावरून? सिग्नलला उभ्या गाडीला कुणी ठोकलं तरी पोलीस येतात आणि पहिलं लायसन्सच मागतात. तुमची चूक असेल तर विमा कंपनी समोरच्याचे पैसे भरते आणि मग वसुलीला तुमच्या दारात येते. अडवत नाहीत हे खरंय. म्हणूनच लोकांना दोन दोन वर्षं आपण कशावर बसलोय ते कळत नाही.

हापूस_एक्स्प्रेस
ठीक आहे, गुन्हा आहे हे माहीत नव्हतं. पण परीक्षा म्हणजे लूट आहे यावर ठाम.

रिव्हर्सगिअर
त्यात थोडं तथ्य आहे :)
रानजाई, परीक्षेचं सविस्तर सांगतो. काही देशांची लायसन्सं जर्मनी नुसती बदलून देते, त्या यादीत भारत नाही. त्यामुळे लेखी आणि प्रत्यक्ष, दोन्ही परीक्षा. सवलत एवढीच की नवशिक्याला जे ठरावीक तास शिकवणीला बसावंच लागतं ते आपल्याला माफ असतात. तरी प्रत्यक्ष परीक्षा ड्रायव्हिंग स्कूलच्याच गाडीतून, शेजारी त्यांचा शिक्षक बसवून द्यावी लागते, म्हणजे शाळेत नाव घालणं आलंच. अर्जाबरोबर डोळ्यांची तपासणी आणि प्रथमोपचाराचा एक दिवसाचा कोर्स. लेखी परीक्षा इंग्रजीत देता येते, ३० प्रश्न असतात, प्रत्येक चुकीला प्रश्नाच्या महत्त्वाप्रमाणे गुण चढतात आणि १० च्या वर चढले की नापास. प्रश्नांची भाषा वकिली असते, ॲपवर घोकंपट्टी केल्याशिवाय जाऊ नका. 'मी वीस वर्षं चालवतोय' वाले हमखास इथेच आपटतात.
प्रत्यक्ष परीक्षेत आपल्या लोकांना दोन गोष्टी नडतात. एक उजवीकडून येणाऱ्याला आधी जाऊ देणं. वस्तीतल्या ३० च्या झोनमध्ये तुम्ही चांगल्या रुंद रस्त्याने चालला आहात, उजवीकडून झुडपांच्या आडून एक बोळ येऊन मिळतो, पाटी नाही, सिग्नल नाही, तरी त्या बोळातून येणाऱ्याचा हक्क पहिला. प्रत्येक अशा तोंडापाशी वेग कमी करून उजवीकडे डोकावायचं असतं. आपल्याकडे मोठा रस्ता ज्याचा त्याचा हक्क, किंवा खरं सांगायचं तर ज्याची गाडी मोठी त्याचा, त्यामुळे पाय ब्रेकवर जातच नाही. परीक्षक मागच्या सीटवर बसून एक अक्षर बोलत नाही, नुसतं टॅबलेटवर टिकटिक करतो.
दुसरं शुल्टरब्लिक. वळताना किंवा लेन बदलताना आरशात बघून भागत नाही, खांद्यावरून मान वळवून मागे बघायचं, आणि तुम्ही बघितलं हे परीक्षकाला दिसलं पाहिजे. सायकलवाले तिथून येत असतात. हे एकदा हाडात मुरलं की पुण्यात आल्यावर सुद्धा मान वळते आणि रिक्षावाले हसतात.

लिंबूटिंबू_बडोदे
खर्च किती येतो साधारण?

रिव्हर्सगिअर
शहरावर आणि किती तास घेताय त्यावर आहे. आपल्यासारख्या गाडी आधीपासून येणाऱ्यालाही हजार-दीड हजार युरो सहज जातात. नापास झालात की परत फी आणि परत थांबा. सहा महिन्यांत उरकायचं तर गेल्या गेल्या दुसऱ्या महिन्यात अर्ज टाका, तिथल्या लायसन्स ऑफिसातले कागद पुढे सरकायलाच आठवडे लागतात. जर्मन काटेकोरपणाच्या गोष्टी ऐकून गेलेल्यांना तिथल्या सरकारी टपालाचा वेग बघून आपली तहसील कचेरी आठवते.

पन्हाळकर
एक राहिलं, जर्मन लायसन्स हातात देताना आपलं भारतीय लायसन्स काढून घेतात. त्यामुळे जाण्याआधी इथे 'हरवलं' म्हणून डुप्लिकेट काढून ठेवायचं, एक तिकडे द्यायचं, एक इकडे कपाटात. सगळे करतात.

निळी_छत्री
सगळे करत नाहीत हो पन्हाळकर. न हरवलेल्या वस्तूची खोटी तक्रार पोलिसांत द्यायची, त्यावर प्रतिज्ञापत्र करायचं आणि हा सल्ला नावानिशी आंतरजालावर टाकायचा, धन्य आहे. भारतात आल्यावर चालवायची असेल तर तिकडच्या लायसन्सवर तिकडचं आयडीपी काढून आणता येतं की.

पन्हाळकर
नावानिशी कुठे, पन्हाळकर हे माझं नाव नाही ;) पण मुद्दा मान्य.

लीड्सचा_लंब्या
इकडे ब्रिटनमध्ये जरा दिलदारपणा आहे. राहायला आल्यापासून १२ महिने भारतीय लायसन्सवर चालवा, इंग्रजीत असल्यामुळे भाषांतरही नको. पण इथेही लोकांनी एक समज करून घेतलाय की भारतात सुट्टीला जाऊन आलं की घड्याळ परत शून्यावर. तसं नाही. ते पर्यटकांचं. पर्यटकाला दर वेळी आल्यापासून मोजतात, राहणाऱ्याला तो रहिवासी झाला त्या दिवसापासून एकदाच. आमच्या इथल्या गणेशोत्सवाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दर वर्षी हा वाद होतो आणि दर वर्षी कुणीतरी 'माझ्या सॉलिसिटर मित्राने सांगितलंय' म्हणून उलटंच ठोकून देतो.
१२ महिन्यांनंतर प्रोव्हिजनल (शिकाऊ) लायसन्सवर लाल एल लावून, शेजारी २१ वर्षांवरचा आणि तीन वर्षं जुन्या लायसन्सचा माणूस बसवून चालवायची. बेचाळिशीतला मॅनेजर एल लावून मुलाला फुटबॉलला सोडतोय आणि शेजारी त्याचा तेवीस वर्षांचा ज्युनिअर देखरेखीला, हे दृश्य मी डोळ्यांनी बघितलंय. लेखीत ५० पैकी ४३ लागतात, शिवाय व्हिडिओ क्लिप बघून धोका ओळखायचा प्रकार वेगळा. आणि प्रत्यक्ष परीक्षेची तारीख मिळणं हीच खरी परीक्षा, कित्येक महिने थांबावं लागतं. म्हणून उतरल्या उतरल्या प्रोव्हिजनलचा अर्ज करा. प्रोव्हिजनल हातात आलं की पहिल्या १२ महिन्यांतली भारतीय लायसन्सवरची मोकळीक जाईल, ही भीती बऱ्याच जणांना असते, पण ती जात नाही.
मुदतीनंतर तसंच चालवलं तर विमा नसल्यातच जमा. विम्याविना पकडलं की ३०० पौंड दंड आणि लायसन्सवर सहा पेनल्टी पॉइंट, वर गाडी उचलून नेतात ते वेगळंच.

मिसळ_विदाउट_पाव
डावीकडूनच चालवायची असल्याने ब्रिटन सोपं जात असेल ना?

लीड्सचा_लंब्या
बाजू तीच, पण इंडिकेटरची दांडी डावीकडे. आपल्या मारुती-ह्युंदाईत उजवीकडे असते. सुरुवातीचे काही आठवडे प्रत्येक वळणावर वायपर नाचतात. कडक उन्हात वायपर चालू असलेली गाडी दिसली की इथले देशी लोक ओळखतात, नवीन पाहुणे आले.

ओसाकाची_मावशी
जपानात ती दांडी उजवीकडेच, बाजूही डावी, अगदी माहेरी आल्यासारखं. आणि आपलं आयडीपी जपानला चालतं कारण ते १९४९ च्या जिनिव्हा रस्ता-वाहतूक करारावरचं असतं, जपान फक्त तेच मान्य करतो. उतरल्यापासून जास्तीत जास्त एक वर्ष. ते संपत आलं की भारतात आठवडाभर जाऊन नवीन आयडीपी आणायची युक्ती इथे राहणाऱ्यांना चालत नाही, कमीत कमी तीन महिने बाहेर राहून आल्याशिवाय नवीन आयडीपी धरत नाहीत.
जपानी लायसन्समध्ये बदलून घ्यायला आधी दहा प्रश्नांची किरकोळ लेखी परीक्षा होती. ऑक्टोबर २०२५ पासून ५० प्रश्न केलेत, ९० टक्के पाहिजेत, आणि टुरिस्ट व्हिसावर बदलून मिळणं बंद. मैदानावरची परीक्षा तर आधीपासूनच कडक. गाडीत बसण्याआधी गाडीच्या खाली वाकून बघितलं नाही की तिथूनच नाट लागतो म्हणतात.

खजूरवाला_काका
तुम्ही सगळे सुखात आहात. दुबईत रेसिडेन्स व्हिसा लागला की त्या दिवसापासून भारतीय लायसन्स म्हणजे ओळखपत्र. टुरिस्ट असताना आयडीपीवर भाड्याची गाडी चालवली आणि महिन्याने नोकरीचा व्हिसा झाला की तोच माणूस, तीच गाडी, तरी चालवायची नाही.
मग शाळेत नाव घाला. जुनं लायसन्स असेल त्याला शिकवणीचे तास कमी लागतात एवढंच. पार्किंगची परीक्षा वेगळी, रस्त्याची वेगळी. नापास झालात की परत तास, परत फी. माझ्या रूमवर राहणाऱ्या एका सोलापूरच्या पोराने त्या पैशांत गावाकडे सेकंडहँड गाडी आली असती असा हिशोब भिंतीवर लिहून ठेवला होता. २०२३ पासून गोल्डन चान्स म्हणून निघालंय, शिकवणी न घेता थेट परीक्षेला बसायचं, संधी एकच, फी साधारण २२०० दिरहम. पास झालात तर झालात, नाही तर सगळ्यांच्या रांगेत. जे भारतात खरोखर चालवत होते त्यांनी चार तास उजव्या बाजूची सवय करून द्यावी. ज्यांचं लायसन्स एजंटने घरपोच आणून दिलं होतं त्यांनी नाद करू नये.

टोलनाका
शेवटचं वाक्य फ्रेम करून लावा.

सदाशिव_पेठ_रिटर्न्स
अमेरिकेचं कुणी विचारलं नाही तरी सांगतो. पन्नास राज्यं, पन्नास तऱ्हा. कॅलिफोर्नियात पर्यटक म्हणून आलेले आईवडील भारतीय लायसन्सवर चालवू शकतात, पण तुम्ही राहायला आलात की १० दिवसांत तिथलं लायसन्स काढायचं. टेक्सासात ९० दिवस, न्यू जर्सीत ६०. त्यामुळे 'अमेरिकेत चालतं का' हा प्रश्नच चुकीचा, कुठल्या राज्यात ते विचारा.
आणि पालकांना गाडी देण्याआधी पोलिसांनी थांबवलं तर काय करायचं ते घोकून घ्या. आमच्या ओळखीतले एक काका, सत्तरीचे, मुलाची गाडी घेऊन दुधाला निघाले, चौरस्त्यावरच्या स्टॉपच्या पाटीला पूर्ण न थांबता हळूच पुढे काढली. मागे लाल-निळे दिवे लागले. काकांनी सवयीप्रमाणे गाडी कडेला घेतली, दार उघडलं आणि शर्टाच्या आतल्या खिशात लायसन्ससाठी हात घालत 'साहेब, साहेब' करत पोलिसाकडे चालू लागले. पोलिसाने हात कमरेच्या पिस्तुलावर नेला आणि ओरडून गाडीत बसायला सांगितलं. नशीब काका घाबरून जागीच थिजले. तिथे गाडीतच बसून राहायचं, काच खाली, दोन्ही हात स्टिअरिंगवर, मागितल्याशिवाय कशालाही हात लावायचा नाही. आपल्याकडे उतरून जवळ जाणं म्हणजे आदर, तिकडे धमकी.

चिंगी_बदलापूर
बाप रे. माझे सासरे अगदी असेच उतरतील. पाठवते त्यांना.

निळी_छत्री
तिकडून इकडे येणाऱ्यांचंही सांगा कुणीतरी. आमचा अमेरिकन भाचा दर डिसेंबरला येतो आणि थेट माझ्या वॅगनआरची किल्ली मागतो.

सदाशिव_पेठ_रिटर्न्स
नुसतं अमेरिकन लायसन्स चालत नाही, ट्रिपल ए या तिथल्या वाहनचालकांच्या संघटनेकडून आयडीपी काढून आणायला सांगा, पासपोर्ट साइझ दोन फोटो आणि थोडी फी. भाच्याचं जुनं भारतीय लायसन्स मुदतीत असेल तर त्यावरही चालवेल. नेटवर तीन वर्षांचं, दहा वर्षांचं 'इंटरनॅशनल लायसन्स' विकणाऱ्या वेबसाइट आहेत त्यांच्या नादी लागू नका, आपल्याकडचे लोकही फसतात. आपलं खरं आयडीपी आरटीओच देते आणि ते एक वर्षाचंच, किंवा मूळ लायसन्स त्याआधी संपत असेल तर तिथपर्यंत.

निळी_छत्री
वॅगनआर क्लचवाली आहे हे त्याला सांगितलं की बहुधा प्रश्न आपोआप मिटेल.

रानजाई
'मूळ लायसन्स संपत असेल तर' वाचून आत्ता कपाटातून काढून बघितलं. माझं २००६ चं आहे आणि ऑगस्ट २०२६ मध्ये संपतंय! म्हणजे आईबाबा येणार त्याच महिन्यात. शिवाय त्यावर माहेरचं नाव आहे, पासपोर्टवर सासरचं. हे चालेल का?

टोलनाका
बरं झालं बघितलंत. दोन्ही इथेच उरका. मुदत संपण्याच्या एक वर्ष आधीपासून नूतनीकरण करता येतं, सारथी या सरकारी वेबसाइटवर अर्ज, चाळिशी उलटली असेल तर डॉक्टरचा १ए फॉर्म. त्यातच नावबदल घाला. तिकडे गेल्यावर हे फार किचकट होतं.
क्रम महत्त्वाचा: आधी नाव आणि नूतनीकरण, नवीन कार्ड हातात आलं की मग आयडीपी. उलटं केलंत तर आयडीपी ऑगस्टपर्यंतचंच मिळेल आणि त्यावरही जुनंच नाव. आयडीपीला फॉर्म ४ए, लायसन्स, पासपोर्ट, फोटो लागतात. २०२१ च्या बदलानंतर व्हिसा आणि मेडिकल आयडीपीसाठी आवश्यक नाही, तरी खिडकीवर कुणी मागितलं तर वाद घालण्यापेक्षा प्रत जवळ असलेली बरी.

गुळपोळी_तुपासंगे
नावाचं हलक्यात घेऊ नका रानजाई. आम्ही सिसिलीला गेलो होतो, मीच चालवणार होते, गाडी माझ्या नावाने बुक केलेली. काउंटरवरच्या मुलीने पासपोर्ट एका हातात, लायसन्स दुसऱ्या हातात धरून चार वेळा मान इकडून तिकडे केली. पासपोर्टवर नवऱ्याचं नाव मधे, लायसन्सवर वडिलांचं. आडनाव वेगळं. फोटोत मी पंचवीस वर्षांची, दोन वेण्या. तिला हे तीन वेगळ्या बायकांचे कागद वाटले असणार. लग्नानंतर नाव बदलतं हे तिला माहीत होतं, मधलं नावही बदलतं हे पटेना. शेवटी गाडी नवऱ्याच्या नावावर झाली आणि अख्खी ट्रिप त्याने चालवली. त्या अरुंद गल्ल्यांतून. मी कशी काढली असती आणि त्याने कशी काढली, जाऊ दे.

मिसळ_विदाउट_पाव
जाऊ देऊ नका, लिहा.

गुळपोळी_तुपासंगे
डावा आरसा सिसिलीतच राहिला.

डच_दामले
नेदरलँड्समधून नमस्कार. इथे १८५ दिवसांची मुदत, पुढे परीक्षा. पण ज्यांना ३० टक्के रूलिंगची करसवलत आहे त्यांना आणि घरच्यांना परीक्षा न देता भारतीय लायसन्स बदलून मिळतं. का ते विचारू नका. जास्त कमावतो तो गाडी चांगली चालवतो असं सरकारचं मत असावं.

रिव्हर्सगिअर
दामले, हे वाचून माझ्या दीड हजार युरोंना परत वेदना झाल्या.

डच_दामले
दिवे घ्या. जर्मनीशेजारी स्विसमध्ये बघा, १२ महिने मुदत आहे, आपल्या लोकांना एक तपासणीची फेरी मारून दाखवायची. पण ती एकदाच. नापास झालात की भारतीय लायसन्सवर चालवणंच बंद, मग नवशिक्यासारखं पहिल्यापासून. माझ्या मित्राने ती फेरी देण्याआधी आपल्या बायकोशीही नीट बोलणं सोडलं होतं, इतका ताण.

सिडनीचा_सदू
न्यू साउथ वेल्समध्येही असाच काहीसा फास आहे. तात्पुरत्या व्हिसावाल्यांना जुलै २०२३ पासून सहा महिन्यांत इथलं लायसन्स घ्यावं लागतं. ड्रायव्हिंग टेस्टमध्ये नापास झालात की परदेशी लायसन्सवर चालवायचा हक्क तिथल्या तिथे जातो. स्वतः चालवत टेस्टला आलेला माणूस घरी टॅक्सीने जातो आणि गाडी सेंटरच्या पार्किंगला. म्हणून इथे देशी लोकांत नियम आहे, टेस्टला जाताना सोबत लायसन्सवाला मित्र न्यायचा. त्याला 'बघ्या' म्हणतात.

हापूस_एक्स्प्रेस
चुलतभावाशी बोललो. त्याने गाडी पार्क करून ठेवली आहे आणि माझ्याशी बोलणं बंद केलं आहे. ड्रायव्हिंग स्कूलला नाव घातलं.

रिव्हर्सगिअर
उत्तम. राग जाईल.

रानजाई
सगळ्यांचे आभार, नाव आणि नूतनीकरणाचा अर्ज आजच टाकला. आता बाबांचं सांगा ना कुणीतरी. ते राहणार नाहीत, दीड महिना फिरायलाच येणार.

रिव्हर्सगिअर
पर्यटक म्हणून भारतीय लायसन्स आणि आयडीपी जवळ ठेवून चालवू शकतात, कायद्याची अडचण नाही. अडचण दोन ठिकाणी येईल. तुमची स्वतःची गाडी असेल तर विम्यात कोण कोण चालवणार ते लिहिलेलं असतं, वय लिहिलेलं असतं, बाबांचं नाव तात्पुरतं घालून घ्या. भाड्याची असेल तर काही कंपन्या वरचं वयही ठरवून ठेवतात, आणि गाडी ऑस्ट्रिया-इटलीत नेणार हे आधी सांगून करारात लिहून घ्यावं लागतं. ऑटोबानसाठी एकच, उजवीकडून ओव्हरटेक कधीही नाही, आणि ट्रॅफिक तुंबला की अँब्युलन्ससाठी मधे वाट सोडून उभं राहायचं, तुंबल्यावर नव्हे, तुंबायला लागतानाच.
आणि त्यांचं लायसन्स मुदतीत आहे ना ते बघा. ५५ नंतर पाच-पाच वर्षांनीच वाढवून मिळतं.

रानजाई
बघितलं. सव्वा वर्षापूर्वी संपलंय. बाबा परवापर्यंत गाडी घेऊन मंडईत जात होते. आईने देवापुढे साखर ठेवली.

टोलनाका
अरेरे. एक वर्ष उलटल्यामुळे नुसतं नूतनीकरण होणार नाही, परत टेस्ट द्यावी लागेल. आणि आधी मंडई बंद करा, इथेही विम्याचं तेच गणित आहे.

गुळपोळी_तुपासंगे
इटलीत जाणार असाल तर झेडटीएलकडे लक्ष द्या, जुन्या शहरांच्या आत बाहेरच्या गाड्यांना बंदी असते, पाटीवर लाल वर्तुळ, वर कॅमेरा. कुणी अडवत नाही, तुम्ही आत जाता, फोटो निघतो, आणि काही महिन्यांनी भाड्याच्या कंपनीने तुमचा पत्ता पोलिसांना कळवल्याची फी आधी कापली जाते, दंड मागाहून टपालाने. फ्लोरेन्सला एकाच दुपारी हॉटेल शोधत तीनदा त्याच कमानीखालून गेलेल्यांना तीन दंड आल्याचं ऐकलंय. हॉटेल आत असेल तर त्यांना गाडीचा नंबर आधी कळवा, ते परवानगी घेऊन देतात. ऑस्ट्रियाच्या हद्दीआधी विनेट (तिथल्या महामार्गांचं टोल स्टिकर) घ्यायला विसरू नका.

कराडची_बुलेट
अवांतर: व्हिएतनामला बाइकवर फिरायचंय, 'हा जिंग' भागातला लूप. आयडीपी चालेल ना? गाडीभाड्यावाला म्हणतो काही लागत नाही.

ओसाकाची_मावशी
गाडीभाड्यावाला गाडीचं भाडं घेतो, तुमच्या हाडांची जबाबदारी नाही. व्हिएतनाम १९६८ च्या व्हिएन्ना करारावरचं आयडीपी धरतो, आपलं १९४९ चं, त्यामुळे तिथे ते चालत नाही. ५० सीसीच्या आतल्या स्कूटरला लायसन्स लागत नाही पण त्यावर हा जिंगचे घाट चढणार नाहीत. तिथे स्थानिक चालवतो आणि तुम्ही मागे बसता अशी सोय सर्रास मिळते, ती घ्या.
थायलंडला आपलं आयडीपी चालतं, पण लायसन्स फक्त कारचं असेल तर स्कूटर चालवायची नाही, दुचाकीचा वर्ग आयडीपीवर आला पाहिजे. नाही तर पडलात की प्रवास विमा हात वर करतो.

कराडची_बुलेट
कराडचा माणूस बुलेट सोडून मागे बसणार? मग नेपाळच बरं.

टोलनाका
नेपाळला भारतीय लायसन्स चालतं, आयडीपी नको. सोनौलीच्या सीमेवर गाडीचं भन्सार (नेपाळची कस्टम्स परवानगी) करून घ्या, जितके दिवस राहणार तितक्या दिवसांचं. आरसी मूळ ठेवा आणि गाडी दुसऱ्याच्या नावावर असेल तर त्याचं पत्र.

कराडची_बुलेट
बुलेट दाजींच्या नावावर आहे. पत्राचं बघतो, सध्या बोलणं बंद आहे.